प्रहरपट: गाणं ऐकणारं चित्र कसं असेल? (कथेसाठी चर्चा)

उत्तररात्र

नमस्कार मंडळी. एका दीर्घकथेवर काम करते आहे. तिच्या केंद्रस्थानी एक काल्पनिक, जादूचं चित्र आहे आणि ते काही केल्या नीट बसत नाहीये. इथे गाणारे आहेत, चित्रांचे जाणकार आहेत, म्हणून धागा काढते.

पार्श्वभूमी खरी घेतली आहे. विजापूरचा दुसरा इब्राहिम आदिलशहा (कारकीर्द १५८० ते १६२७) गाण्याचा वेडा होता. त्याने स्वतः दख्खनीत गीतं रचली. 'किताब-ए-नौरस'मध्ये ती भैरव, मल्हार, कानडा, तोडी, धनाश्री अशा रागांच्या नावांखाली दिलेली आहेत. आपल्या तंबोऱ्याला त्याने मोतीखान असं नाव दिलं होतं. विजापूरजवळ १५९९ मध्ये त्याने नौरसपूर वसवायला घेतलं. ते शहर कधी पुरं झालंच नाही, आणि १६२४ मध्ये मलिक अंबरच्या फौजेने ते लुटलं.

इथून पुढे माझी कल्पना. नौरसपुरात एक अनाम चितारी एक मोठा पट रंगवतो. त्यात आठ प्रहरांच्या आठ चौकटी आणि प्रत्येक चौकटीत एक राग. सात पुऱ्या होतात, आठवी चालू असताना शहर लुटलं जातं. जादू अशी की ज्या वेळी जो प्रहर चालू असेल ती चौकट जागी होते, आतली माणसं हलतात, राग ऐकू येतो.

लिहायला बसल्यावर कळलं की हे एकदा वाचताना छान वाटतं, दुसऱ्यांदा त्यात काही उरत नाही. दर तीन तासांनी पुढची चौकट जागी होणार, हे वाचकाला आधीच ठाऊक असतं. संगीत आणि काळ दोन्ही त्या चित्रात खरोखर उतरायचे असतील तर जादूचा नियम काय असावा? मनापासून सुचवा.

वसली

फार आवडता विषय काढलात. मी लघुचित्रं अभ्यासते, थोडी रंगवतेही, त्या बाजूने लिहिते.

तुमच्या चिताऱ्यापुढे रागमालेची, म्हणजे एकेका रागाचं एकेक चित्र असलेल्या संचांची परंपरा आयती होती. १५९१ ची चुनारची रागमाला, १६०५ ची मेवाडातल्या चावंडची, १६२८ ची साहिबदीन या चित्रकाराची, या तारखा कागदोपत्री पक्क्या आहेत. सोळाव्या शतकाच्या अखेरीस आपल्या दख्खनेतही रागमाला रंगवल्या गेल्या, आणि त्यांतली काही पानं अप्रतिम आहेत. सहा राग आणि प्रत्येकाच्या पाच रागिण्या असा छत्तीसांचा संच बहुतेक ठिकाणी दिसतो. पहाडी चित्रकारांनी रागांचे मुलगेही धरून तो चौऱ्याऐंशीवर नेला.

पण एक गोष्ट ध्यानात घ्या. या चित्रांत स्वर नसतात. असतो तो एक प्रसंग, रागाच्या ध्यानश्लोकातून, म्हणजे रागाला व्यक्ती मानून तिचं वर्णन करणाऱ्या श्लोकातून आलेला. तोडीत वीणा घेतलेली एक बाई रानात उभी आहे आणि हरणं तिच्याभोवती गोळा झाली आहेत. आसावरीत सापांना जवळ घेऊन बसलेली रानातली स्त्री. तुमच्या कथेसाठी सगळ्यांत मोलाचं चित्र मला विभासचं वाटतं. पहाट होत आली आहे, शेजेवर प्रिया आहे, आणि नायक धनुष्य ताणून आरवणाऱ्या कोंबड्यावर नेम धरतो आहे. कोंबडा गप्प झाला तर रात्र संपणार नाही! काळाला थांबवू बघणारा माणूस तुम्हाला परंपरेनेच रंगवून दिलेला आहे. जादू बाहेरून आणायची गरज नाही, ती त्या बाणात आहे.

रानपाखरू

विभासचं हे चित्र माहीतच नव्हतं. शोधून पाहिलं. बाण अजून सुटलेला नाही, बोटं ताणलेली आहेत. अंगावर काटा आला.

कोमलऋषभ

मी गाण्याच्या बाजूने बोलतो. उत्तररात्र, माझी पहिली विनंती: चित्रातून आवाज काढू नका. चित्र वाजायला लागलं की बघणारा नुसता श्रोता होतो आणि चित्र म्हणजे एक यंत्र. त्यापेक्षा चित्राला कान द्या. समोर कुणी गायलं तर आणि तरच ते हलेल. आणि ते जाणकार श्रोत्यासारखं ऐकेल, म्हणजे नुसते स्वर मोजणार नाही.

याला कारण आहे. भूप आणि देशकार घ्या. दोन्हींत तेच पाच स्वर: सा रे ग प ध. भूप संध्याकाळ सरल्यावरचा, देशकार सकाळचा. भूप गंधारावर (ग) विसावतो, त्याचा जीव सप्तकाच्या खालच्या अर्ध्यात. देशकार धैवत (ध) धरतो आणि वरच्या षड्जाकडे (सा) झेपावत राहतो. त्याच पाच स्वरांत एकदा दिवा लागतो आणि एकदा ऊन चढतं. मारवा, पूरिया आणि सोहनी यांचंही तसंच. स्वर सारखे, पण मारवा सूर्य बुडतानाचा, पूरिया मंद्रात, म्हणजे खालच्या सप्तकात रमणारा, आणि सोहनी रात्र बरीच सरल्यावर वरच्या, तार सप्तकात चमकणारी. तोडी आणि मुलतानी हे आणखी एक जोडपं. रे, ग, ध कोमल आणि मध्यम तीव्र, दोघांचंही. पण मुलतानी चढताना रिषभ-धैवत टाळते आणि दुपार कलल्यावर येते.

म्हणजे काळ स्वरांत नाही, चालण्यात आहे. कुठल्या स्वरावर किती थांबलात त्यात आहे. तुमच्या चित्राने हेच ओळखावं. कुणी बरोबर पाच स्वर लावून, पण मन भलतीकडे ठेवून देशकार गायला, तर सकाळची चौकट ढिम्म राहील आणि तिकडे भूपाच्या चौकटीत एखादा दिवा लुकलुकेल. गायकाला स्वतःची चूक चित्रात दिसेल. मला विचाराल तर यापेक्षा मोठी जादू नको.

अर्धमात्रा

कोमलऋषभ, तुमचं विवेचन सुंदर आहे, पण मला एक गंभीर अडचण दिसते. वादी, म्हणजे रागाचा मुख्य स्वर, पूर्वांगात (सप्तकाच्या खालच्या अर्ध्यात) की उत्तरांगात (वरच्या अर्ध्यात) यावरून वेळ, मध्यम शुद्ध की तीव्र यावरून सकाळ-संध्याकाळ, ही जी शिस्त आपण शिकतो ती संगीतशास्त्रकार भातखंड्यांनी (१८६० ते १९३६) बांधून दिलेली. नौरसपूरचा चितारी त्याच्या तीनशे वर्षं आधीचा. शिवाय रागांची रूपं बदलली. त्या काळी विभास म्हणून जे गात असतील ते आज आपण गातो तेच, असं कसं धरायचं? कर्नाटक संगीतात तर वेळेचं बंधन इतकं काटेकोर पाळतच नाहीत. मग जादू कुठल्या काळाचा नियम मानणार?

कोमलऋषभ

प्रश्न रास्त आहे. रागाला वेळ नेमून देण्याची चाल भातखंड्यांच्या कितीतरी आधीची आहे, नारदाच्या नावावर असलेल्या 'संगीत मकरंदा'तही ती येते. भातखंड्यांनी प्रचारातले राग गोळा करून त्यामागचा धागा दाखवला. रूपं बदलली हे मात्र सोळा आणे खरं.

पण कथेला याचा फायदाच होईल असं मला वाटतं. चित्राच्या कानात १६२४ चा विभास आहे. आजचा गायक कितीही तयारीचा असला तरी त्याच्या गळ्यात आजचा विभास आहे. तो गातो तेव्हा चित्र जरासं हलतं आणि थांबतं, कुणी ओळखीचं वाटावं पण नाव आठवू नये तसं. गायकाला शोध घ्यावा लागेल: जुन्या बंदिशी, घराण्यात कुणी जपून ठेवलेली एखादी जागा, धृपद गाणाऱ्यांकडे टिकलेलं वळण. ही शोधाशोध म्हणजेच कथा होऊ शकते.

घटिकापात्र

मी गणिताचा माणूस, गाण्यातलं कळत नाही. पण प्रहर म्हणजे सरसकट तीन तास धरू नका. सूर्योदय ते सूर्यास्त याचे चार भाग ते दिवसाचे प्रहर आणि सूर्यास्त ते सूर्योदय याचे चार ते रात्रीचे. उन्हाळ्यात दिवसाचा प्रहर लांबतो, हिवाळ्यात आखडतो. भोक पाडलेलं तांब्याचं वाटीसारखं पात्र पाण्यावर सोडायचं, ते भरून बुडालं की एक घटिका, चोवीस मिनिटं. आठ प्रहर मिळून साठ घटिका, म्हणजे सरासरी साडेसात घटिकांचा प्रहर.

यातून कथेत एक गोष्ट निघते. पट सूर्याला बांधलेला असेल तर तो जिथे नेला जाईल तिथल्या सूर्याचं ऐकेल. समजा तो लुटीतून फिरत फिरत पार उत्तरेला गेला, उन्हाळ्यात जिथे रात्रभर संधिप्रकाश सरत नाही अशा गावी. तिथे मध्यरात्रीच्या चौकटीचं काय होईल?

उत्तररात्र

अरे वा, घटिकापात्र, हे माझ्या डोक्यातही आलं नसतं. तिथे रात्रभर संधिप्रकाशाचे रागच जागे राहतील, रात्रीच्या बाकीच्या चौकटी उन्हाळाभर मुक्या. दिवसाच्या दोन्ही टोकांना कोमल रिषभ आणि शुद्ध गंधार घेऊन येणारे भैरव, पूर्वी, मारवा तेवढे ऐकले जातील.

वसली

ऋतूही विसरू नका. हिंडोलाच्या चित्रात झोपाळा आणि वसंत असतो, मेघाच्या चित्रात पावसात नाचणारा कृष्ण. रागमालेतला काळ नुसता दिवसाचा नसतो, वर्षाचाही असतो.

आता काळ चित्राच्या अंगावर कसा उतरतो ते सांगते, कारण ते जादूशिवायच घडतं. आपले चित्रकार पाणी, वीज, चांदणं दाखवायला चांदी वापरत. चांदी हवेने काळी पडते. कितीतरी जुन्या चित्रांत जो काळपट करडा तलाव दिसतो तो मुळात लखलखत होता. तांब्यापासून केलेला हिरवा रंग, जंगाल, हळूहळू कागदच खातो. पानाच्या मागच्या बाजूला तपकिरी डाग उमटतो आणि शेवटी तेवढाच भाग तडकून निघून येतो. सोनं मात्र जसंच्या तसं राहतं. म्हणजे एकाच चित्रात प्रत्येक रंगाचं आयुष्य वेगळं. मेघाच्या चौकटीतली वीज काळी पडलेली असेल, झाडं कागद कुरतडत असतील, आणि कृष्णाच्या मुकुटाला काहीच झालेलं नसेल.

तुमच्या पटात रात्रीच्या चौकटी रंगवताना आणखी एक ध्यानात असू द्या. आपल्या लघुचित्रांत रात्र अंधारी नसते. वर निळ्या-काळ्या आभाळाचा पट्टा, चंद्र, एखादी समई, आणि खाली माणसं मात्र दिवसासारखी लख्ख. रात्र आहे हे खुणांनी सांगायचं. विष्णुधर्मोत्तर पुराणातल्या चित्रसूत्रात, म्हणजे चित्रकलेवरच्या भागात, हेच दिलं आहे: पहाट दाखवायची तर मंदावलेले दिवे आणि आरवणारे कोंबडे काढा, रात्र दाखवायची तर झोपलेली माणसं आणि दबकत येणारे चोर. त्याच पुराणात राजा वज्र मूर्ती घडवायला शिकवा म्हणतो, तेव्हा मार्कंडेय ऋषी त्याला मागे मागे नेतो: आधी चित्र, त्याआधी नृत्य, त्याआधी वाद्य, आणि सगळ्यांच्या मुळाशी गाणं. तुमच्या कथेचं बीज तिथेच पडलेलं आहे असं मला वाटतं.

रानपाखरू

मला गाता येत नाही म्हणून विचारते. गाणारं कुणी समोर नसेल तेव्हा चित्र कसं दिसेल? पुन्हा पहिल्यासारखं होईल की जिथे थांबलं तिथेच राहील?

अर्धमात्रा

रानपाखरू, तुमच्या प्रश्नाने माझ्या मनातली सगळी गुंतागुंत सुटली! ते जिथे थांबलं तिथेच राहिलं पाहिजे.

विचार करून पाहा. पटातला काळ सूर्यावर चालत नाही, गाण्यावर चालतो. प्रहर एवढंच ठरवतो की कुठली चौकट ऐकायला बसली आहे. विभासच्या चौकटीत बाण सुटलेला आहे असं धरा. कुणी खरा विभास गायला की गाणं चालू असेतो बाण पुढे सरकतो, गाणं थांबलं की हवेत थांबतो. चारशे वर्षांत किती जण त्याच्यासमोर खरं गायले असतील? बाण बोटभर पुढे आला असेल. म्हणजे बाणाची जागा हीच आजवर झालेल्या सगळ्या गाण्यांची नोंद. कुणी लिहून ठेवली नाही, ध्वनिमुद्रित केली नाही, पण एकही आवर्तन हरवलेलं नाही.

यात पेच असा की प्रत्येक चांगलं गाणं त्या चौकटीला शेवटाजवळ नेतं. बाण कोंबड्याला लागला तर पहाट कायमची अडते, हुकला तर रात्र संपते आणि दोघांना उठावं लागतं. दोन्हींतलं काहीही झालं तरी त्यानंतर ती चौकट कुणासाठीही हलणार नाही. पट सांभाळणाऱ्या घराण्याने मग काय करावं? बेसूर माणसांनाच त्याच्यापुढे बसू द्यावं? की विभास शिकवणंच बंद करावं? राग जिवंत ठेवायचा तर गावा लागतो, आणि गायला की चित्रातला काळ खर्च होतो.

घटिकापात्र

एकच दुरुस्ती सुचवतो. लागला किंवा हुकला हे गाणाऱ्यावर सोडा. विलंबितात बाण हळू जाईल, द्रुतात वेगाने. अंतर तेवढंच, मग हळू गाणाऱ्याच्या वाट्याला जास्त गाणं येईल. पट सांभाळणारे अतिविलंबित लयीकडे का वळले, याचं कारण कथेत आपोआप मिळतं.

कोमलऋषभ

हे वाचून तंबोरा जुळवायला घेतला.

उत्तररात्र

अर्धमात्रा, घटिकापात्र, मला हवी होती ती चावी हीच. काल रात्री बसून पहिली दोन प्रकरणं मोडली आणि नव्याने मांडली.

आता उरली आठवी, अर्धवट राहिलेली चौकट. रात्रीचा शेवटचा प्रहर मी ललतला द्यायचं ठरवलं आहे आणि विभासला त्याच्या पुढच्या, उजाडतानाच्या चौकटीत ठेवलं आहे. रागमालेत ललतचं चित्र काय असतं आणि ते अर्धवट कसं दिसेल?

वसली

ललतच्या चित्रात प्रिया झोपलेली असते आणि नायक हातात हार घेऊन निघालेला असतो. पाय बाहेरच्या दिशेला, मान मागे वळलेली. एवढंच. पण तो वळलेला मानेचा कोन चांगल्या चित्रकाराच्या हातचा असेल तर नजर हलत नाही.

अर्धवट चित्राबद्दल. कागदाचे थर चिकटवून वसली तयार करतात, तिच्यावर आधी फिकट रेषेने आराखडा. मग वरून पातळ पांढरा थर, त्यातून खालची रेषा पुसट दिसत राहते. त्या आधाराने पक्की रेषा, तिथे चित्रकार सुधारणा करतो. मग रंगाचे थर, आणि मधूनमधून पान पालथं घालून अकीकाने, एका गुळगुळीत दगडाने, घोटणं. रंग चढले की पहिली रेषा कायमची झाकली जाते. तुमची चौकट जर पांढऱ्या थराच्या टप्प्यावर राहिली असेल तर तिथे दोन्ही रेषा दिसतील. समजा चिताऱ्याने आधी नायकाची मान पुढे काढली होती, दाराकडे. मग विचार बदलून ती मागे वळवली. आज तिथे एका धडावर दोन चेहरे आहेत, एक पुसट, एक ठळक. जाणारा आणि थबकलेला.

कोमलऋषभ

वसलीताई, ललतमध्ये पंचम नाही, आणि दोन्ही मध्यम लागतात, तेही एकापाठोपाठ एक, शेजारी शेजारी. शुद्ध मध्यमावर येऊन राहायचं, तीव्राला स्पर्श करून पुन्हा शुद्धावर. ललत शिकताना याच जागेवर सगळ्यांत जास्त वेळ जातो. त्या चित्रकारांनी स्वर रंगवले नाहीत हे तुम्ही सांगितलंत, मान्य. पण या कथेतल्या चिताऱ्याने बादशहाच्या गाण्याच्या बैठकींत वर्षं काढली आहेत. शुद्ध मध्यमावर न्यास, म्हणजे विसावा, झाला की मागे वळलेला चेहरा गडद व्हावा, तीव्र लागला की दाराकडचा. रंगच न चढल्यामुळे ती चौकट संपत नाही. बाण नाही, अंतर नाही, खर्च होण्यासारखं काही नाही. तिथे कितीही गा.

उत्तररात्र

म्हणजे पुऱ्या झालेल्या सात चौकटींना शेवट आहे, आणि लुटीमुळे राहून गेलेली आठवी तेवढी पुरून उरणार. पट सांभाळणारं घराणं ललतचंच का झालं, याचं उत्तर मिळालं. मनापासून आभार.

एक शेवटचं. दिवसाच्या तिसऱ्या प्रहराला काय ठेवू? सारंग मध्यान्हीत गेला.

वसली

धनाश्री ठेवा. तिच्या चित्रात दूर गेलेल्या प्रियकराचं चित्र काढत बसलेली बाई असते, मांडीवर फळी, हातात कुंचला, शेजारी सखी. चित्रातलं चित्र तुम्हाला आयतं मिळेल, आणि धनाश्री इब्राहिमच्या गीतांतही आहे.

रानपाखरू

मग समोर जो गाईल त्याचा चेहरा ती काढेल का?

अर्धमात्रा

मला वाटतं नको. तिने प्रत्येक गाण्यागणिक एकेक रेघ वाढवावी, आणि चेहरा तिच्याच माणसाचा असावा. गाणाऱ्यांनी पिढ्यान्‌पिढ्या गाऊन तिला तिच्या माणसाचा चेहरा पुरा करून द्यावा. विभासमध्ये गाणं शेवट जवळ आणतं म्हणून भीती वाटते, इथे त्याच कारणाने गावंसं वाटेल.

कोमलऋषभ

सहमत. गायकांसाठी एक बारकावा: काफी अंगाची (काफी रागाचे स्वर घेणारी) धनाश्री आणि भीमपलास यांचे स्वर तेच. धनाश्रीत पंचम मोठा, भीमपलासात मध्यम. आज भीमपलास सर्रास ऐकायला मिळतो, धनाश्री क्वचित. त्यामुळे गाणारा पंचमाकडून नकळत मध्यमावर उतरला की तिचा कुंचला थांबेल, आणि सखी मान वर करून गाणाऱ्याकडे बघेल. बंदिश मी शोधून ठेवतो, प्रकरण लिहून झालं की कळवा.